तारामतीवरचा बोटसोड्या

केदारखेडा, ता. भोकरदन
१८ नोव्हेंबर २०२४

गोरख,

'सप्रेम नमस्कार' लिहावं तर तू माझ्याहून चार वर्षांनी लहान, आणि 'अनेक आशीर्वाद' लिहावेत तर ते तू घेशील याची खात्री नाही. म्हणून नुसतं गोरख. मोबाईलवर माझा नंबर तू अकरा वर्षांपासून बंद करून ठेवला आहेस. ठेव बापडा. पोस्टमनला बंद करायचं बटण अजून निघालेलं नाही, म्हणून हे पत्र.

समेट करायला लिहीत नाही, आधीच सांगते. काम आहे. आपल्या शाळेपुढे ग्रामपंचायत एक दगड बसवणार आहे. गावातून जे लढाईवर गेले त्यांची नावं त्यावर कोरायची आणि सव्वीस जानेवारीला झेंडावंदन झालं की तो उघडायचा. सात नावं ठरली होती. आठवं मी दिलं, म्हस्कूआबाचं. सरपंच अप्पाराव डोकं खाजवत म्हणाला, "बाई, तुमचा आजा लढाईवर गेल्ता हे बराबर हाय. पण त्यो पळून आल्ता म्हणत्यात. तुमचा भाऊच म्हणला होता बापूच्या तेराव्याला. दोघा नातवंडांच्या सह्या आणा, मागून झगडा नको." बारा जानेवारीला यादी कारागिराकडे जाणार आहे.

सोबत अर्ज आहे. माझी सही झाली आहे. तिच्याखालची जागा तुझी.

आता तू म्हणशील, पळपुट्याचं नाव दगडावर कशाला? तुझा राग मला कळतो. गाव आपल्याला 'बोटसोड्याची पोरं' म्हणायचं तेव्हा तू रडत घरी यायचास आणि मी दगड उचलून चिडवणाऱ्यांच्या मागे धावायची. तेव्हापासूनच आपल्या दोघांच्या स्वभावात फरक आहे.

गोष्ट तर सगळ्यांना पाठ आहे. आबा धनगराचा पोर, पाटलाच्या मळ्यात मोट हाकायचा. एका साली मेंढरं रोगानं गेली, म्हणून घोंगड्या विकायला मुंबईला गेला आणि तिकडेच बोटीवर लागला. पुढे लढाई आली. १९४५ साली त्याचं कार्ड आलं. जयवंताआजीला अक्षर येत नव्हतं. चावडीवरच्या कारकुनानं चारचौघांत मोठ्यानं वाचलं : "मी बोट सोडली. डाव्या हाताची दोन गेली. बाकी खुशाल. घरी येतो." झालं. गावानं आपल्या परीनं अर्थ लावला. म्हस्क्या भ्याला, बोट सोडून पळाला, आणि सरकारनं पुन्हा धरून नेऊ नये म्हणून स्वतःची दोन बोटं स्वतःच तोडली. दोन महिन्यांनी आबा आला तो खरंच दोन बोटं नसलेला. मग काय, बारसं होऊन गेलं.

आणि आबा? पारावरून कुणी "ए बोटसोड्या" अशी हाक मारली की त्याचा मुलगा, आपले बापू, मान खाली घालायचे, आजी तोंडाला पदर लावायची, आणि हा छाती काढून म्हणायचा, "हां, म्हणा! मीच बोटसोड्या!" लोक म्हणायचे, कोडगा आहे. मी तेव्हा सहा-सात वर्षांची असेन. मलाही मनातून तेच वाटायचं.

आता तसं वाटत नाही. का, ते तू विचारलंस तर सांगेन.

बापूंच्या शेवटच्या दिवसाबद्दल आणि तेराव्याबद्दल मी या पत्रात काही लिहिणार नाही. तो विषय वेगळा आहे. सही करून पाठव.

आक्का


केदारखेडा
३ डिसेंबर २०२४

गोरख,

पत्र परत आलं. पाकिटावर 'घेण्यास नकार' असा शेरा आहे. पोस्टमन मला पाकीट देताना इतका ओशाळला होता की मीच त्याला चहा पाजला.

ते परत आलेलं पत्र या पाकिटात घातलं आहे. आता हेही परत आलं तर तिसऱ्या पाकिटात दोन्ही घालीन. बत्तीस वर्षं प्राथमिक शाळेत घालवली आहेत मी. पाढा पाठ होईपर्यंत पोराला सुट्टी नसते.

तू विचारलं नाहीस, तरी सांगते.

दिवाळीआधी ट्रंक आवरताना आबाचं ते कार्ड मला सापडलं. लहानपणापासून त्यातला मजकूर तोंडपाठ होता, पण कार्ड हातात धरून मी कधी वाचलंच नव्हतं. चावडीच्या कारकुनानं वाचलं तेवढंच आपण सगळे वाचत आलो. खाली बारीक अक्षरात आणखी एक ओळ आहे : 'हस्ते हुसेन परकार, हर्णै.' आबाला लिहिता येत नव्हतं हे आपण साफ विसरलो होतो. कार्ड लिहिणारा दुसराच होता आणि तो समुद्रकाठचा होता.

मी एक पत्र टाकलं. पत्ता काय, तर 'कै. हुसेन परकार, तारामती बोटीवरचे खलाशी, यांचे वारस, मु. पो. हर्णै.' बोटीचं नाव आबाच्या फोटोमागे लिहिलेलं आहे, तोच फोटो जो तू भिंतीवरून काढायला सांगत होतास. माझी मैत्रीण मीना म्हणाली, असं पत्र समुद्रात टाकल्यासारखंच. सतराव्या दिवशी उत्तर आलं. हुसेनचे मुलगे इस्माईल परकार, वय ब्याऐंशी, त्यांनी लिहिलं होतं, "मोगलाईतल्या म्हस्कूची नात असाल तर या. पत्रात लिहिण्याइतकी थोडकी गोष्ट नाही." आपल्या निजामाच्या मुलखाला तिकडे तेव्हा मोगलाई म्हणत.

मीनाला घेऊन गेले. जालन्याहून पुणे, पुण्याहून दापोली, पुढे हर्णै. गोरख, मी बासष्टाव्या वर्षी पहिल्यांदा समुद्र पाहिला. इतकी वर्षं पोरांना 'समुद्रसपाटीपासूनची उंची' शिकवली, आणि सपाटी म्हणजे काय ते त्या दिवशी कळलं. सपाट तर ती मुळीच नाही.

परकारांनी दोन दिवस मला तारामतीची गोष्ट सांगितली. मी ऐकत गेले आणि त्या बोटीच्या प्रेमातच पडले. हसू नकोस.

तारामती ही प्रवासी आगबोट. १९२२ सालची. कोळशावर चालायची. मुंबईहून सुटली की हर्णै, दाभोळ, जयगड, रत्नागिरी करत पणजीपर्यंत जायची. वरच्या डेकवर बाकं, खालच्या डेकवर सतरंज्या, बायकांसाठी एक वेगळी खोली आणि त्या खोलीत एक आरसा. सहाशे माणसं नेण्याचा परवाना होता, आणि गणपतीत किती जायची ते परकार सांगेनात. आंब्याच्या पेट्या, कोंबड्या, वऱ्हाडं, आजारी म्हातारे, सगळं तिच्या पोटात. दाभोळच्या अलीकडे एक बाई बाळंत झाली, त्या मुलीचं नाव ताराच ठेवलं. तिचा भोंगा ऐकून हर्णैच्या बायका भात चुलीवर चढवायच्या. पण तिचा मोठा गुण असा की ती पाण्यात फार खोल बुडत नसे. जिथे बाकीच्या बोटी तळाला टेकल्या असत्या तिथे ही खाडीच्या तोंडापर्यंत जायची.

१९४० साली सरकारचा कागद आला. लढाईला बोटी पाहिजेत. अकरा दिवसांत बाकं उपटली, सतरंज्या गोळा केल्या, वरपासून खालपर्यंत राखाडी रंग फासला. नाकाडावर तोफ बसवली. बायकांच्या खोलीत दवाखाना झाला. आणि तिचं नाव पुसून तिथे आकडा लिहिला. हरिश्चंद्राची तारामती परक्या घरी चाकरीला गेली तेव्हा निदान तिचं नाव तरी तिच्यापाशी होतं!

पहिली दोन वर्षं तिला मुंबई बंदराबाहेर सुरुंग काढायचं काम होतं. शत्रूनं पाण्यात सुरुंग सोडलेले असायचे. दोन बोटी शेजारी शेजारी चालायच्या, मधे जाड तार. आपल्या पूर्णेत बाया लुगड्याची झोळी धरून मासे काढतात ना, तसं. फरक इतकाच की यांच्या झोळीत आलेला मासा फुटायचा. परकार म्हणाले, वऱ्हाडं नेणाऱ्या बोटीला हे काम कुणी शिकवलं नव्हतं, पण तिनं एक दिवस खाडा केला नाही.

आणि हे सगळं चालायचं कशावर? वाफेवर. वाफ कशावर? तळात भट्टीपाशी जे आगवाले उघड्या अंगानं कोळसा लोटायचे, त्यांच्यावर. सुरुंग फुटला तर सगळ्यात आधी तेच जाणार, आणि त्यांना समुद्र तर दिसायचाही नाही. आपला आबा त्यांतला. त्या तळघरात पाच वर्षं होता तो. पळायचंच असतं, तर दर महिन्याला बोट मुंबईला लागायची. तेव्हा नसता पळाला?

एवढ्यावर थांबते. हात दुखतो आहे. पुढचं तुला ऐकायचं असेल तर हे पाकीट परत पाठवू नकोस, म्हणजे मी समजून घेईन.

आक्का


केदारखेडा
१६ डिसेंबर २०२४

गोरख,

पाकीट परत आलं नाही. घेणारा हात माझ्या भावजयीचा, वंदनाचा असेल तर तिला माझा आशीर्वाद, तुझा असेल तर तुलाही.

आता मुख्य गोष्ट. ही लिहिताना मी दोनदा उठून पाणी प्यायले आहे.

पहिल्या दिवशी संध्याकाळी मी परकारांना कार्ड दाखवलं आणि मान खाली घालून म्हणाले, "आमचा आजा बोट सोडून आला, हे आम्हाला ठाऊक आहे. मला फक्त एवढंच जाणून घ्यायचंय, की कुठल्या परिस्थितीत सोडली." म्हाताऱ्यानं चष्मा काढला, माझ्याकडे नीट बघितलं आणि असा भडकला की मीनानं माझा हात धरला.

"पळाला? कुणी सांगितलंन तुम्हांला? म्हस्कू पळाला?" मग कार्ड वाचून त्यांचा आवाज खाली आला. "अहो बाई, तुम्ही मास्तरीण ना? आम्ही खलाशी मोठीला जहाज म्हणतो. बोट म्हणजे जहाजाच्या कडेला टांगलेली असते ती. बुडायची पाळी आली की तिच्यात माणसं भरायची आणि दोरावर हळूहळू खाली पाण्यात सोडायची. त्याला म्हणतात बोट सोडणं. पळणाऱ्याचं काम न्हवे ते. मागं राहणाऱ्याचं काम. तुमच्या आज्यानं बोट सोडलीन!"

गोरख, मी बत्तीस वर्षं पोरांना 'एकाच शब्दाचे दोन अर्थ' शिकवले. उदाहरण कुठलं द्यायची ठाऊक आहे? बोट. हाताचं बोट आणि पाण्यातली बोट. पोरं खूश व्हायची. आणि घरातल्या कार्डावर त्याच शब्दाचा तिसरा अर्थ ऐंशी वर्षं पडून होता. कोकणातला माणूस लिहिणारा, केदारखेड्याचा माणूस वाचणारा. ज्या गावात मोठं पाणी म्हणजे पूर्णेचा पूर, त्या गावानं त्याचा दुसरा अर्थ लावला असता तरी कसा? आम्ही गाव सोडतो, वर्ग सोडतो, नवऱ्यानं सोडलेली म्हणतो. सोडणं म्हणजे टाकून जाणं.

आता काय झालं ते ऐक. १९४५, फेब्रुवारी. तारामतीला आराकानला, म्हणजे ब्रह्मदेशाच्या किनाऱ्यावर पाठवली होती. तिथे खाड्याच खाड्या, उथळ पाणी, मोठी जहाजं आत जाईनात. कोकणच्या खाड्यांत वाढलेली ही बरोबर जायची. जाताना दाणागोटा न्यायचा, येताना जखमी आणायचे. त्या दिवशी ऐंशीच्या वर जखमी होते. नदीच्या मुखापाशी सकाळी सुरुंग लागला. दुसऱ्यांचे सुरुंग काढून दमलेली ती, तिच्या नशिबी हा एक आलाच. जहाज एका अंगाला कललं. कप्तानाचा हुकूम झाला, आधी जखमी उतरवा.

आबा तळातून वर आला. वर एका बोटीत एकोणतीस माणसं भरून ठेवली होती, आणि तिचा दोर धरणारा दोघांतला एक स्फोटात गेला होता. एका टोकाला हुसेन परकार, दुसरं टोक मोकळं. आबानं ते धरलं. त्याला ते काम कुणी शिकवलं नव्हतं. पण मोटेचा नाडा त्याच्या हातातून हजार वेळा गेला होता. भरल्या वजनाला दोर किती द्यायचा आणि किती राखायचा, हे त्याला सांगायला लागत नव्हतं. दोन्ही टोकं सारखी खाली गेली पाहिजेत, एक जरी सुटलं तरी बोट उभी होऊन सगळी माणसं पाण्यात. हुसेन ओरडत होता, "हळू सोड, हळू सोड," आणि हा म्हणत होता, "बराबर हाय, बराबर हाय."

अर्ध्यावर जहाज आणखी कललं. दोराला हिसका बसला आणि आबाची दोन बोटं दोर आणि खुंटा यांच्यामध्ये सापडली. दोर सैल दिला असता तर बोटं निघाली असती. त्यानं दिला नाही. बोट पाण्याला टेकेपर्यंत तसाच धरून राहिला. टेकल्यावर हुसेननं बघितलं, तर बोटं राहिलीच नव्हती.

परकारांपाशी वडलांची वही आहे. तिच्यातली ओळ मी उतरवून आणली : 'मोगलाईवाल्या म्हस्कूने बोट बराबर सोडली. माणसे एकोणतीस. दोन बोटे दिली, दोर दिला नाही.'

आणि तारामती? तीही बुडाली नाही. कप्तानानं उरल्यासुरल्या वाफेवर तिला चिखलात नेऊन बसवलं. ती वाफ द्यायला चार आगवाले पुन्हा खाली उतरले. ओहोटीला भोक बुजवलं आणि ती आपल्या पायांनी चितगावला गेली. १९४७ ला रंग खरवडला, नाव पुन्हा लिहिलं, बाकं बसवली, आणि पुन्हा आंब्याच्या पेट्या आणि वऱ्हाडं सुरू. तोफेच्या जागी डेकवर गोल पत्रा ठोकला होता, त्यावर पोरं बसून शेंगा खायची. पुढे सोळा वर्षं चालली. मुंबईत दारूखान्याला, जिथे जुनी जहाजं मोडतात तिथे, तोडायला नेली तेव्हा हर्णैची माणसं निरोप द्यायला गेली होती. तिच्या बाकाची एक फळी परकारांनी घरात मांडणीला लावली आहे. मी तिला हात लावून नमस्कार केला. लोखंड-लाकडाला काय नमस्कार करायचा, असं तुला वाटेल. तू तिथे असतास तर तूही केला असतास.

आता आबाची छाती आठव. "हां, मीच बोटसोड्या!" त्याला वाटत होतं गाव त्याला शाबासकी देतंय! कार्ड वाचलंय, सगळ्यांना सगळं कळलंय, म्हणून कौतुकानं हाक मारतात, असंच तो मरेपर्यंत समजत राहिला. म्हणून त्यानं कधी पुन्हा सांगितलं नाही, आणि घरातल्यांनी लाजेपोटी कधी विचारलं नाही. गाव त्याला हसत होतं आणि तो गावाचे आभार मानत होता. मला हसू येतं आणि लगेच डोळे भरून येतात. हे मी कुणाला सांगू, तुझ्याशिवाय?

सही कर रे.

आक्का


केदारखेडा
३० डिसेंबर २०२४

गोरख,

उत्तर नाही. अप्पाराव काल पुन्हा येऊन गेला. मी त्याला परकारांच्या वहीतली ओळ वाचून दाखवली. तो म्हणाला, "लई वंगाळ झालं बाई. आमच्या बापानंबी त्येला हाका मारल्या असतील." पण सह्यांचा ठराव ग्रामसभेत झालेला, तो काही त्याला मोडता येत नाही.

तू गप्प का आहेस ते मला ठाऊक आहे. तुझं भांडण आबाशी नाहीच, माझ्याशी आहे. तर ते लिहून टाकते.

तेराव्याच्या पंगतीत तू म्हणालास, पळून आलेल्या आबाचा फोटो काढा, पाहुणे हसतात. मी तुझ्या सासरच्या माणसांसमोर म्हणाले, "बापू जीव सोडत होते तेव्हा तू कुठं होतास? तू तरी कुठला वेगळा? खरा बोटसोड्याचा नातू!" तू भरल्या ताटावरून उठलास. वंदनानं माझ्याकडे बघितलं नाही. अकरा वर्षं झाली.

तो शब्द मी चुकीच्या अर्थानं वापरला. आता योग्य अर्थ कळला आहे. तेव्हा भाषेची ती चूक मी दुरुस्त करते.

बारा तारखेला तेराच दिवस राहिले.

आक्का


केदारखेडा
९ जानेवारी २०२५, दुपार

गोरख,

हे पत्र पोस्टात टाकणार नाही. तुझ्या हातात देणार आहे. तू जालन्याहून निघाला आहेस, म्हणजे माझ्यापाशी तासभर आहे.

साडेअकराला फोन वाजला आणि त्यावर तुझं नाव आलं. मी इतकी घाबरले की कुणी गेलं-बिलं की काय असंच वाटलं. तू म्हणालास, "आक्का, जेवली का?"

मी म्हणाले, "न्हाई आणखीन."

"मंग थांब. मी येऊन राह्यलो. अर्ज आणतो, सही तुझ्यापुढंच करतो." मग म्हणालास, "मला कुणी कधी सांगितलंच न्हाई गं आबाचं. मी त्या म्हाताऱ्याशी नीट बोललोसुदिक न्हाई कधी." आणि फोन ठेवलास. बरं केलंस.

भाकरीचं पीठ मळून ठेवलं आहे. वांगी चिरली आहेत. आणि आता ओट्यापाशी उभी राहून हे लिहिते आहे, कारण तोंडानं मला हे सांगता येणार नाही.

मागच्या पत्रात मी 'भाषेची चूक' म्हणून लिहिलं. ती लबाडी होती. शब्दाचा अर्थ कुठलाही असो, मी जे बोलले ते खोटं होतं, आणि ते खोटं आहे हे बोलताना मला ठाऊक होतं. गावाला निदान ठाऊक नव्हतं.

बापू गेले त्या दिवशी सकाळी तू बाहेर तोंड धूत होतास. बापूंनी मला जवळ बोलावलं आणि म्हणाले, "बेबी, आज काय मी ऱ्हात न्हाई. गोरखला कुठंतरी धाड. त्याचं काळीज मऊ हाय, माझा जीव जाताना त्येला बघवायचं न्हाई. तू बस माझ्यापाशी." मी एका चिठ्ठीवर औषधाचं नाव लिहिलं आणि तुला म्हणाले, हे भोकरदनला मिळत नाही, जालन्यालाच मिळेल, जल्दी जा. ते औषध साधं ताकदीचं होतं. गावातल्या दुकानात सुद्धा होतं.

बापू सव्वाला गेले. तू तीनला आलास. हातात बाटली. स्मशानात तू प्रत्येकाला सांगत होतास की राजूरला गाडी पंक्चर झाली, नाहीतर मी पोचलो असतो. ज्यानं विचारलंही नाही त्यालाही सांगत होतास. मी ऐकत होते.

गोरख, पंक्चर झालं नसतं तरी तू पोचला नसतास. तू पोचू नयेस म्हणूनच तुला धाडलं होतं. तू कुणाला टाकून गेला नाहीस. तू बापूंच्या मर्जीनं आणि माझ्या खोटं बोलण्यानं गेलास.

मग तेराव्याला तसं का बोलले? याचं उत्तर मी स्वतःलाही अलीकडेच दिलं. तुझं काळीज मऊ, म्हणून तुला धाडलं. मग माझं काय होतं? ते सगळं मी एकटीनं बघितलं. त्यांच्या पायाकडून गार होत जाणं, शेवटी पाणी घशाखाली न उतरणं, सगळं. मला कुणी कुठे धाडलं नाही. तो राग बापूंवर होता, आणि ते तर गेले होते. मग जो समोर होता त्याच्यावर काढला. तू नुसतं 'फोटो काढा' म्हणालास, आणि मला निमित्त मिळालं.

हे मी तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी सांगायला पाहिजे होतं. सांगितलं नाही, कारण मग माझा रागच उरला नसता, आणि रागाशिवाय त्या दिवसांत माझ्यापाशी दुसरं काही नव्हतं. पुढे सवय झाली. अकरा वर्षं तू त्या पंक्चरचं ओझं घेऊन फिरलास आणि मी ते तुझ्या पाठीवर तसंच राहू दिलं. चुकले मी. फार वाईट चुकले.

आधी तुझी सही घेऊन मग हे पत्र द्यावं, एवढी हुशारी मला सुचली होती. मीना म्हणाली, तसंच कर, दगडाचं काम तरी होऊन जाईल. पण आबाचं नाव माझ्या लबाडीवर कोरलं जावं, हे मला सहन होणार नाही. म्हणून सहीच्या आधी देते आहे. वाचून तू अर्ज फाडलास तर मी अप्पारावला सांगेन की भावाचा दोष नाही.

बाहेर गाडी वाजली. तूच असशील.

मी पत्र तुझ्या हातात देऊन स्वयंपाकघरात जाते. सावकाश वाच. वाचून इथे थांबवलं नाही आणि जायचं असलं, तर मला सांगून जा. या वेळी तुला कुणी धाडलेलं नाही.

आक्का